मामाची खुर्ची पुनर्वापरात गेली

मामाची खुर्ची गेली. मोडली नाही, चोरीलाही गेली नाही. सन्मानाने गेली. थांबा, सुरुवातीपासून सांगतो, मध्ये कोणी बोलू नका.

माझा मामा कचऱ्याचा विद्वान आहे. हसू नका, खरंच! लोक काय विकत घेतात, का घेतात आणि घेतलेलं कधी फेकतात, यावर त्याने दोन जाडजूड ग्रंथ लिहिलेत. दोन्ही एकाच खुर्चीत बसून. तिचा मागचा पाय सायकलच्या ट्यूबने आवळून बांधलाय, बसायच्या जागी मामीच्या जुन्या स्वेटरची उशी आहे आणि कोणी टेकलं की ती 'कुईं' करते. मामाची कंबर म्हणजे नाजूक प्रकरण. दुसऱ्या कुठल्याही खुर्चीत जरा वेळ बसला, की उठताना तो प्रश्नचिन्ह झालेला असतो. आणि तिसरा ग्रंथ अर्धा लिहून पडलेला.

तर त्याचा दुसरा ग्रंथ तुफान चालला. इतका, की वाचकांनी 'पुनर्वापर मंडळ' काढलं. मंडळाने सगळ्यात आधी काय केलं? नवं ऑफिस घेतलं. नवी टेबलं, नवे पंखे, नवा गालिचा आणि भिंतीवर भलीमोठी पाटी, 'नवीन काही घेऊ नका'. पाटीपण नवीनच. मग सभासदांनी घरातले चांगले धडधाकट स्टीलचे डबे टाकून दिले, कारण मंडळाने पुनर्वापराचे खास डबे विकायला काढले होते.

एक दिवस अध्यक्ष मामाचा सत्कार करायला घरी आले. एकदम लोण्यासारखा माणूस. त्यांनी मामाला कोरी करकरीत खुर्ची भेट दिली. जुनी दिसावी म्हणून कारखान्यात तिच्यावर मशीनने ओरखडे पाडलेले. आणि निघताना मामाची खुर्ची उचलली.

"अहो, ही कुठे निघाली?" मामी म्हणाली.

"तिला दुसरं आयुष्य द्यायचंय, वहिनी."

"पहिलंच चालू आहे की तिचं अजून!"

पण तोवर खुर्ची टेम्पोत चढली होती. मामा फोटोसाठी हसत उभा. त्याला पत्ताच नाही.

नव्या खुर्चीत मामा तीन ओळी लिहून जो आडवा झाला, तो मामीने कंबर शेकून दिली तेव्हा उठला. उठल्या उठल्या मला म्हणाला, "चल मंडळात." गेलो. खिडकीतून बघतो तर खुर्ची समोरच! कोपऱ्यात बिचारी भिंतीकडे तोंड करून उभी.

"ती माझी खुर्ची आहे, परत हवीय," मामा खिडकीवरच्या बाईंना म्हणाला.

"कशासाठी?"

"बसायला."

बाईंनी चष्मा काढला. "सर, मूळ मालकाने घेतली तर तो पुनर्वापर कसा होईल? तो नुसता वापर झाला. नुसत्या वापराची आपल्याकडे सोय नाही."

"हा नियम कुठल्या गाढवाने केला?"

बाईंनी मामाचाच ग्रंथ उघडून पुढे सरकवला. 'पुनर्वापर म्हणजे दुसऱ्या माणसाने, दुसऱ्या कामासाठी केलेला वापर.' वर पुन्हा विचारतात कशा, "हे आपणच लिहिलंय ना, सर?"

आम्ही हात हलवत घरी आलो. मग मामीने पदर खोचला आणि ती एकटी गेली. ती दुसरा माणूस, एवढं तर जमलं. दुसरं काम काय सांगितलं? "टॉवेल वाळत घालीन." खुर्ची आली! मामा टुणकन बसला, 'कुईं' झालं, मामाच्या डोळ्यांत पाणी आलं आणि तेवढ्यात बेल वाजली. मंडळाचा निरीक्षक! 'कुईं' त्याने जिन्यातच ऐकलं होतं.

"टॉवेल कुठंय?"

"हे काय," मामाकडे बोट दाखवून मामी म्हणाली, "आत्ताच आंघोळ झालीये ह्यांची. वाळतायत."

निरीक्षक हसलासुद्धा नाही. म्हणाला, खुर्चीत पुन्हा कोणी बसलेलं आढळलं तर खुर्ची कायमची जमा.

मग मामाने डोकं लढवलं. खुर्चीचं टेबल केलं! स्वतः फरशीवर मांडी घालून बसला, खुर्चीवर कागद ठेवले आणि कण्हत कुंथत तिसरा ग्रंथ लिहून काढला. निरीक्षक जाम खूश. त्याने फोटो काढला, तो सगळीकडे फिरला आणि सभासदांनी घरची टेबलं टाकून देऊन लिहायला नव्या खुर्च्या घेतल्या.

पण मामाही काही कच्चा नाही. तिसऱ्या ग्रंथात त्याने व्याख्याच बदलली. 'त्याच माणसाने, त्याच कामासाठी, तीच वस्तू मोडेपर्यंत वापरणे, हाच खरा पुनर्वापर.' ग्रंथ हातोहात संपला. मामा माझ्या खांद्यावर हात टाकून वाकत वाकत मंडळात गेला.

"आता तरी बसू का?"

"नियम बदलायला आमची ना नाही, सर," बाई म्हणाल्या. "फक्त एखाद्या सभासदाने इथे येऊन, मी ग्रंथ वाचला, मला पटला, असं म्हणायला हवं. अजून कोणी फिरकलं नाही."

"अहो, असं कसं? ग्रंथ तर संपला!"

"विकून संपला, सर. वाचून नाही."

तेव्हापासून मामा फरशीवरच आहे. त्याला उठवायला दोघं लागतात, मी आणि मामी. म्हणून तर आज आलोय. गोष्ट कसली सांगतोय, मदत मागतोय! तुम्ही सगळेच मंडळाचे सभासद. ग्रंथ घेतलात ना? तो काय तुझ्या शेल्फवर, चकचकीत प्लास्टिकच्या वेष्टनात. दे इकडे, मी फोडतो. एकच पान वाच, उद्या जाऊन एवढं सांग, मामा बसेल रे खुर्चीत!

"ए ए ए, हात लावू नकोस! वेष्टन फोडलं की मग सेकंडहँडमध्ये कोणी घेत नाही."