नत्थुजींची काठी आणि चमचाभर गॅलियम

अकोल्यातले बाकीचे विज्ञान-शिक्षक फळ्यावर तक्ता लावतात, आपण मात्र थेट मूलद्रव्यच समोर ठेवतो, असं धर्मपाल शिरसाट सर स्टाफरूममध्ये दिवसातून एकदा तरी सांगत. ते खोटं नव्हतं. सोडियमचा खडा पाण्यात टाकून त्यांनी प्रयोगशाळेच्या खिडकीची काच मैदानात पाठवली होती. खळ दिलेल्या पांढऱ्या शर्टावर आयोडीन सांडून तो कायमचा जांभळा केला होता. पण मुलं त्यांच्या तासाला जागी राहत, आणि एप्रिलच्या दुपारी वऱ्हाडात एवढं ज्याला जमतं तो शिक्षक मोठाच म्हणायचा.

यंदा मूलद्रव्य दाखवायला आणखी एक कारण होतं. मुख्याध्यापक निवृत्त होणार होते आणि त्यांची खुर्ची कुणाला द्यायची हे संस्थेचे अध्यक्ष नत्थुजी ठरवणार होते. दावेदार दोन. एक धर्मपाल सर, दुसऱ्या मराठीच्या माधवी मॅडम. मॅडमनी नत्थुजींच्या एकसष्टीला स्वागतगीत रचून त्यात 'नत्थुजी'शी यमक जुळवून दाखवलं होतं. सोडियम सांभाळण्यापेक्षा हे काम अवघड, हे सरांनाही मान्य होतं.

म्हणून सरांनी विज्ञान दिनावर भिस्त ठेवली. विज्ञान दिन येतो फेब्रुवारीत, पण नत्थुजींची तारीख मिळाली एप्रिलात. मग शाळेनं विज्ञानच एप्रिलात ढकललं.

सरांचा बेत साधा होता. गॅलियम नावाचा चांदीसारखा धातू आहे, तो तीस अंशाच्या जरा अलीकडेच वितळतो. त्याचा चमचा करायचा, नत्थुजींच्या हातात द्यायचा आणि चहा ढवळायला सांगायचं. चमचा चहात नाहीसा होईल, नत्थुजी चाट पडतील, आणि पुढचं सगळं आपोआप होईल. एकच गोष्ट सरांच्या ध्यानात आली नाही. हा प्रयोग ज्या कुणी बसवला, त्याच्या गावात उन्हाळा नसावा. अकोल्यात एप्रिलमध्ये तीस अंश असतात ते दूधवाला येतो तेव्हा, आणि तेही नाइलाजानं.

मागवलेलं पार्सल आलं तेव्हा बाटलीतला धातू पाण्यासारखा डुचमळत होता. सरांच्या आई पंचफुलाबाईंना तो पारा वाटला आणि त्यांनी बाटलीला हात लावायचं नाकारलं. सरांनी त्यांना समजावलं की पारा विषारी, हा तसा नाही. शिवाय याची कथा मोठी आहे. एका रशियन पंडितानं मूलद्रव्यांची मांडणी करताना एक घर रिकामं सोडलं आणि तिथे कसा धातू सापडेल, त्याचं वजन किती भरेल, सगळं आधीच लिहून ठेवलं. पुढे फ्रान्समधल्या एकाला तो खरोखर सापडला. त्यानं मोजलेली घनता जुळेना, तर या पंडितानं घरबसल्या कळवलं, तुमचंच चुकलं, पुन्हा मोजा. त्यानं पुन्हा मोजलं, आणि पंडित बरोबर निघाला.

"म्हंजे लेकरू व्हायच्या आंधीच बारसं करून मोकळा झाला," पंचफुलाबाई म्हणाल्या.

सरांना मात्र ते रिकामं घर मुख्याध्यापकांच्या खुर्चीसारखं दिसत होतं, आणि तिथे कोण बसणार याचं भाकीत त्यांनी मनातल्या मनात केलेलं होतं.

चमचा ओतायला प्लास्टरचा साचा केला आणि तो गोठवायला फ्रीज लागला. कैरीचं पन्हं, दही आणि बर्फाचे ट्रे बाहेर आले. बायको ज्योत्स्ना दवाखान्यात परिचारिका, ड्यूटीवरून घरी आली ती ओट्यावरचं कोमट दही पाहूनच.

"प्रयोग शाळेत करा ना," ती शांतपणे म्हणाली. "फ्रीज माहा हाय."

पण चमचा झाला होता झकास. सरांनी तो आइसक्रीमवाल्याकडून मागून आणलेल्या थर्माकोलच्या पेटीत बर्फात ठेवला आणि पेटी मांडीवर घेऊन ऑटोनं शाळेत गेले. नव्या नवरीची पेटीसुद्धा इतक्या जपून कुणी नेत नाही.

मंडप मैदानात होता. स्टेजच्या मागे मूलद्रव्यांच्या तक्त्याचं भलंमोठं फ्लेक्स लावलं होतं. नत्थुजी आले ते अॅल्युमिनियमची काठी टेकत. गुडघ्याच्या ऑपरेशननंतर ही चकचकीत, हलकी, लांबी कमीजास्त करायची भोकं असलेली काठी त्यांच्या सोबत असे. गाडीतून ती काढून देण्याचा मान शिपाई बुधाजींचा होता.

चहा आला. सरांनी दोन वाक्यांत गॅलियमचा महिमा सांगितला आणि चमचा नत्थुजींच्या उजव्या हातात ठेवला. इथे फोटोवाला आडवा आला. त्यानं साहेबांना इकडे पाहायला सांगितलं, मग तिकडे, मग चमचा थोडा वर, मग सर बाजूला. मंडपात चाळीसच्या वर तापमान, त्यात नत्थुजींचा गुबगुबीत तळहात. चमचा चहापर्यंत पोचलाच नाही. तो नत्थुजींच्या मुठीतच खचला आणि बोटांतून ओघळला. टाळ्या वाजल्या. नत्थुजी हसले, त्यांनी काठी डाव्या हातातून त्या ओल्या उजव्या हातात घेतली आणि तळवा तिच्यावर वरपासून खालपर्यंत निपटून काढला. टेकून टेकून झिजलेल्या भोकांपाशी चांदीचे थेंब जमले आणि आत शिरले.

सरांचा चेहरा उतरला. गॅलियमची एक खोड त्यांना पुस्तकातून पक्की माहीत होती. ते अॅल्युमिनियममध्ये मुरतं आणि त्याच्या कणाकणांमधली पकड सोडवतं. वरून काहीच दिसत नाही, आतून सगळं भुसभुशीत. त्याला थोडा वेळ लागतो एवढंच. पण पुढे पाच भाषणं होती. वेळेची काही ददात नव्हती.

आताच सांगावं तर अध्यक्षांची काठी नासवली असं होणार. न सांगावं तर अध्यक्षच पडणार. सरांनी मधला मार्ग काढला. कुणाला कळू न देता काठी काढून घ्यायची आणि झेंड्याचा बांबू तिथे ठेवायचा. एका भाषणाच्या आडून ते खुर्चीजवळ गेले आणि काठीसाठी खाली वाकले. नत्थुजींना वाटलं, हा पाया पडतो आहे. त्यांनी सरांच्या डोक्यावर हात ठेवून मोठ्यानं आशीर्वाद दिला. ते माधवी मॅडमनी पाहिलं. आपण मागे पडतो की काय, या धसक्यानं त्या तरातरा आल्या आणि वाकल्या. त्यांच्यामागे पीटीचे सर आले, मग क्लार्क, मग सगळा स्टाफ. बघता बघता स्टेजवर रांग लागली. सर तीनदा रांगेत घुसले आणि तीनदा आशीर्वाद घेऊन परतले. काठी काही हाताला लागली नाही.

शेवटी नत्थुजी बोलायला उठले. संस्था कशी उभी केली ते सांगत सांगत ते माइकपाशी सरकले आणि काठीवर भार देऊन म्हणाले, "लोक काईबी म्हनोत, पन हा नत्थु आजवर कोनाच्याच आधारावर उभा राह्यला नाही."

काठी चहात बुडवलेल्या टोस्टासारखी मोडली.

नत्थुजींनी आधारासाठी मागचं फ्लेक्स धरलं. फ्लेक्स दोऱ्यांसकट खाली आलं आणि अध्यक्ष मूलद्रव्यांत गुंडाळले गेले. त्यांचं डोकं बाहेर आलं ते नेमकं निष्क्रिय वायूंच्या बाजूनं. गुडघ्याला काही झालं नाही, कारण ते पडले ते पुष्पगुच्छांच्या ढिगावर. मुलांना हसू आवरत नव्हतं आणि शिक्षक त्यांच्यावर डोळे वटारताना स्वतःच ओठ चावत होते.

ऑफिसात चौकशी बसली. काठीचा तुकडा नत्थुजींनी चिमटीत धरला तर त्याचा चुरा झाला. हा विरोधी गटाचा डाव आहे, यावर सगळ्यांचं एकमत झालं. काठी गाडीतून कोणी आणली? बुधाजींनी. बुधाजींचा मेहुणा कोणत्या गटाचा? विरोधी. एवढा पुरावा पुष्कळ झाला. त्यांना उद्यापासून यायचं नाही असं सांगायची तयारी झाली. बुधाजी टोपी हातात घेऊन भिंतीकडे पाहत उभे राहिले.

सर दाराशी होते. खुर्ची अजून हातची गेलेली नव्हती. गप्प बसलं तर मिळालेले चार आशीर्वाद कामी येणार होते. त्यांनी बुधाजींच्या हातातल्या टोपीकडे पाहिलं आणि मग त्यांच्यानं राहवलं नाही.

"अध्यक्षसाहेब, काठी बुधाजीनं नाही मोडली. गॅलियमनं मोडली."

"कोन हा गॅलियम?" नत्थुजींनी विचारलं. "कोनत्या गटाचा?"

"तेराव्या," सर म्हणाले. मूलद्रव्यांच्या तक्त्यात ते खरंच होतं, पण ऑफिसात खळबळ उडाली. संस्थेत आतापर्यंत दोनच गट माहीत होते.

मग सरांनी सगळं सांगितलं. चमचा, तळहात, भोकं. गॅलियम आत कसं शिरतं आणि कणाकणांना एकमेकांपासून कसं सोडवतं, वरून मात्र काठी कशी चकचकीतच राहते. नत्थुजींनी चुरा बोटांत चोळून पाहिला.

"वरून साबूत, अंदरून भुसभुशीत," ते हळूच म्हणाले. "म्हंजे आपल्या कार्यकारिनीसारखं." जमलेल्या कार्यकारिणीनं मान खाली घातली.

बुधाजींची नोकरी राहिली. मुख्याध्यापकांच्या खुर्चीवर माधवी मॅडम बसल्या. ज्योत्स्नानं सरांना नावं ठेवली नाहीत, त्या संध्याकाळी पन्ह्याचा पेला पुढे केला आणि बुधाजींसाठी बोललात ते बरं केलं, एवढंच म्हणाली. पंचफुलाबाईंनी मात्र शेजारणीला सांगितलं की धरमाचं बारसं हुकलं.

जूनमध्ये शाळा उघडली तेव्हा मॅडमची पहिली सूचना बुधाजीच सही घ्यायला घेऊन आले. झालेला प्रकार ध्यानात घेऊन शाळेच्या आवारात यापुढे कोणीही कोणतेही मूलद्रव्य आणू नये, असं सुंदर मराठीत लिहिलं होतं. सरांनी ती दोनदा वाचली. मग एक दीर्घ श्वास घेतला, नायट्रोजन आणि ऑक्सिजन छातीत भरून घेतले, आणि कुणी पाहत नाही ना याची खात्री करून सही केली.