नायदेनचा पहिला वाटसरू

योगायोगसुद्धा नीट आखला तर चुकत नाही, असं वितोमिरचं ठाम मत होतं.

वितोमिर सरकारी मोजणी खात्यात होता. एकाची जमीन कुठे संपते आणि शेजाऱ्याची कुठे सुरू होते, हे सेंटिमीटरपर्यंत सांगणं हा त्याचा पेशा होता. बायकोच्या, म्हणजे रुमेनाच्या मते तो आजार होता. ती म्हणायची, हा माणूस सूप पितानासुद्धा आधी ताटलीचा मध्य शोधतो आणि मग चमचा बुडवतो. त्यामुळे आईने जेव्हा सांगितलं की नातवाला चौरस्त्यावर टाकून यायचंय, तेव्हा वितोमिरने एवढंच विचारलं, "किती वाजता?"

रुमेनाने मात्र हातातली बशी खाली ठेवली. "टाकून म्हणजे?"

बाळ दोन महिने आधीच जगात आलं होतं. वजन एक हजार तीनशे चाळीस ग्रॅम. निश शहरातल्या इस्पितळात काचेच्या पेटीत ते एकेचाळीस दिवस होतं, आणि वितोमिरच्या वहीत एकेचाळीस आकडे होते. त्यातले नऊ आदल्या दिवसापेक्षा कमी होते. त्या नऊ दिवसांबद्दल घरात कोणी बोलत नसे. त्यातल्याच एका दिवशी इस्पितळाच्या बाकावर बसून स्तामेनाआजीने नवस बोलून टाकला होता: हे पोर वाचलं, तर त्याचं नाव नायदेन.

आता मे महिना लागला होता. पोर वाचलंच नव्हे, तर गुटगुटीत झालं होतं आणि कोंबड्यालाही लाजवेल असं ओरडत होतं. नाव तेवढं अजून नव्हतं.

"नायदेन," रुमेना म्हणाली. "आई, सत्तरीच्या आतला एक तरी नायदेन आहे का हो या देशात?"

"आपल्या दफनभूमीत जाऊन बघ," कणकेचा गोळा ओट्यावर आपटत स्तामेना म्हणाली. "जुन्या दगडांवर दहातला एक नायदेन निघेल. ज्या घरात मुलं टिकत नसत, ती माणसं पहाटे बाळाला चौरस्त्यावर ठेवत आणि लपून बसत. पहिला जो वाटसरू येई, तो बाळ उचलून दारात आणी. म्हणे, सापडलंय, घेता का? नावही तोच ठेवी. नायदेन. सापडलेला."

"आणि त्याने काय व्हायचं?"

"मरण यादी घेऊन येतं, पोरी. विचारतं, या घरचं मूल कुठाय? आपण म्हणायचं, घरचं मूल आहेच कुठे, हे तर रस्त्यावर सापडलंय. यादीत नाही म्हटल्यावर ते जातं परत."

"म्हणजे मरणाला चुकीचा पत्ता द्यायचा."

वितोमिरला हे एकदम पटलं. चुकीच्या पत्त्यामुळे प्रकरणं तीस-तीस वर्षं कशी लटकतात, हे त्याने खात्यात डोळ्यांनी पाहिलं होतं. "म्हणजे लशी आल्या आणि नायदेन गेले," तो म्हणाला. "गरजच उरली नाही. पण आई, इथे डॉक्टरांनी वाचवलंय ना?"

"डॉक्टरांनी त्यांचं केलं. आता आपण आपलं करू."

रुमेनाने फार ताणून धरलं नाही. त्या नऊ दिवसांत ती स्वतः काय काय बोलली होती, ते तिलाच ठाऊक. "पण सापडणार कोणाला?" तिने विचारलं.

"पहिला येईल त्याला. कोणीही असो. ठरवून आणलेला माणूस चालत नाही. मरण काही खुळं नाही."

आणि इथेच वितोमिर सावध झाला. कारण बाळ ज्याला सापडेल तो त्याचा कूम होणार, म्हणजे जन्माचा धर्मपिता. कूम भावापेक्षा जवळचा. त्याच्याशी भांडायचं नाही, त्याला नाही म्हणायचं नाही, त्याच्याशिवाय लग्न नाही की सण नाही. कूम म्हणजे सदऱ्याचं बटण नव्हे, तुटलं की दुसरं लावायला, असं त्यांच्याकडे म्हणतातच.

आणि चौरस्त्याला सगळ्यात जवळचं घर कोणाचं, तर ग्वोझ्देनचं.

ग्वोझ्देन म्हणजे पलीकडच्या बांधाचा म्हातारा. अकरा वर्षांपूर्वी, नवी नोकरी लागल्याच्या आनंदात, वितोमिरने खात्याचं यंत्र घरी आणून दोघांच्या कुंपणाची हद्द मोजली होती. कोणीही सांगितलं नव्हतं. त्यात असं निघालं की ज्या आलुबुखाराच्या झाडाची दारू ग्वोझ्देनचं घर तीन पिढ्या गाळत आलं, ते झाड चौदा सेंटिमीटरने यांच्या हद्दीत होतं. वितोमिरने ते जाऊन सांगितलं. आनंदाने सांगितलं. त्या दिवसापासून ग्वोझ्देनने या घराशी बोलणं टाकलं, आणि त्या झाडाची फळं दोन्हीकडून कोणी तोडेना म्हणून ती जमिनीवर पडून सडू लागली.

तेव्हा वितोमिरने योगायोग आखला. आईच्या नकळत.

खात्यातला त्याचा मित्र रादेन्को सज्जन होता आणि मुलांत रमणारा होता. पाच पंचावन्नच्या बसने तो गावाच्या खालच्या टोकाला उतरेल आणि पंधरा मिनिटं चालून सहा दहाला चौरस्त्यावर 'सहज' पोचेल. बाकीच्या तीन रस्त्यांवर वितोमिरने पहाटेच खात्याचे फलक लावले: मोजणी चालू, रस्ता बंद. वर लाल-पांढरी पट्टीही बांधली.

"आता रादेन्कोशिवाय इथे चिमणीसुद्धा येणार नाही," तो रुमेनाला म्हणाला.

सहाला पाच मिनिटं असताना त्यांनी टोपली चौरस्त्याच्या मधोमध ठेवली. वितोमिरने चारी कडांपासूनचं अंतर पावलांनी तपासून घेतलं. मग दोघं दहा मीटरवरच्या झुडपामागे जाऊन बसले. घरातलं कोणी दिसलं तर सगळं फुकट, असा नियम. स्तामेना घरी दारात उभी होती.

सहा दहा झाले. रस्ता रिकामा.

सहा वीस. बाळ जागं झालं आणि त्याने आपलं मत जाहीर केलं.

"कुठाय तुझा योगायोग?" रुमेनाने दात-ओठ खात विचारलं.

योगायोग त्या वेळी खालच्या टोकाच्या पहिल्या घरात बसला होता. रादेन्को वेळेवर उतरला होता. पण कुंपणावरून एका आजोबांनी विचारलं, सकाळी सकाळी कुठे? आणि तो सरळ मनाने म्हणाला, मी आज कूम होणार आहे. आता हे ऐकल्यावर कोणता माणूस त्याला तसाच जाऊ देईल? बाळाच्या आयुष्यासाठी पेला भरला गेला, आणि बाळाच्या आयुष्यासाठीचा पेला परत करणारा माणूस त्या मुलखात अजून जन्मायचा होता. दुसऱ्या घराने ते पाहिलं. त्यांना काय बाळाची काळजी नव्हती? अशी त्या रस्त्यावर सात घरं होती.

सहा पंचवीसला वरच्या वाटेने पावलं वाजली.

"आला," वितोमिर म्हणाला. "पण हा त्या बाजूने का येतोय?"

झाडामागून गाढव बाहेर आलं. ते ग्वोझ्देनचं होतं आणि त्याला सगळं गाव जनरल म्हणत असे. 'रस्ता बंद' वाचण्याइतकं त्याचं शिक्षण झालेलं नव्हतं. लाल-पांढरी पट्टी तुटून त्याच्या गळ्यात लोंबत होती, आणि तेवढ्याने तो नावाला शोभू लागला होता. तो थेट टोपलीपाशी आला आणि त्याने तोंड आत घातलं.

रुमेना उठली. वितोमिरने तिचा हात धरला. "दिसलो तर संपलं."

"अरे, ते गाढव आहे!"

"गाढव मोजत नाहीत. वाटसरू म्हणजे माणूस."

"आणि माझं पोर त्याने खाल्लं तर?"

पण टोपलीतलं रडणं थांबलं होतं. जनरल नाकाने फुस्स करत होता आणि दर फुस्सला आतून हसण्याचा बारीक आवाज येत होता. इस्पितळातून आल्यापासून ते पोर असं हसलेलं दोघांनीही ऐकलं नव्हतं. रुमेना हळूच खाली बसली.

मागोमाग दोरी हातात घेऊन, धापा टाकत ग्वोझ्देन आला. "थांब, हरामखोरा. मोजणीवाल्यांनी काय पट्टी बांधली म्हणून मिरवतोस..." आणि त्याला टोपली दिसली.

तो थांबला. त्याने टोपी काढली. चारी रस्त्यांकडे पाहिलं, आणि मग सरळ झुडपाकडे.

"झुडपं लाल बूट कधीपासून घालायला लागली?" तो म्हणाला.

रुमेनाने पाय आत घेतले.

"बोलू नका. नियम मला ठाऊक आहेत. माझा आजा नायदेन होता. याच चौरस्त्यावर एका कल्हईवाल्याला सापडला. तो नाव ठेवून निघून गेला आणि पुन्हा कधी आला नाही. आजा त्र्याऐंशी वर्षं जगला." तो टोपलीवर वाकला आणि पुन्हा सरळ झाला. "पण ज्या घराने माझे चौदा सेंटिमीटर घेतले, त्या घराचं पोर मला सापडायला हवं होतं होय?"

झुडपात वितोमिर मनातल्या मनात नियम चाळू लागला. सापडलेलं मूल न उचलता कोणी पुढे गेला तर काय होतं, हे आईने सांगितलं नव्हतं. विचारायचं धैर्यही त्याला झालं नव्हतं. यंत्राने मोजता येत नाही असं काही असतं, हे त्याला वयाच्या चौतिसाव्या वर्षी, काट्यांत बसून कळत होतं.

ग्वोझ्देनने टोपी घातली. गाढवाच्या गळ्यात दोरी अडकवली. "चल," तो म्हणाला आणि घराकडे वळला.

एक पाऊल. दुसरं पाऊल. दोरी ताणली गेली.

जनरल हलला नाही. त्याने चारही पाय रोवले आणि तोंड टोपलीतच ठेवलं. ग्वोझ्देनने ओढलं. शिव्या दिल्या. मागून ढकललं. मग दम लागून तो टोपलीशेजारी रस्त्यावरच बसला, आणि बाळाने त्याची मिशी पकडली.

मिशी सुटेना.

"सोड," ग्वोझ्देन पुटपुटला. "सोड रे. बरं, बरं. उचलतो."

दारात उभ्या असलेल्या स्तामेनाला आधी टोपी दिसली, मग मिशी, मग मिशीला लटकलेला नातू, आणि सगळ्यांच्या मागे गाढव. अकरा वर्षांत ग्वोझ्देन या फाटकात आला नव्हता. झुडपातून धावत, मागच्या दाराने घरात शिरलेले वितोमिर आणि रुमेना तिच्यामागे येऊन उभे राहिले.

"रस्त्यावर मूल सापडलंय," ग्वोझ्देन म्हणाला. "घेता का?"

स्तामेनाने त्याच्याकडे पाहिलं. बाळाकडे पाहिलं. "मूल घेऊन आलेल्याला कोणी नाही म्हणत नाही," ती म्हणाली. "नाव काय ठेवतोस?"

हा हक्क त्याचा होता. तो जे म्हणेल ते, जन्मभर. आणि हे त्यालाही माहीत होतं, कारण त्याने वितोमिरकडे पाहत मिशी सोडवून घेतली, ती पुसली, खाकरला.

"चौदा ठेवावं म्हणतोय," तो म्हणाला.

रुमेनाने वितोमिरच्या दंडाला असा चिमटा काढला की त्याची खूण पुढे आठवडाभर राहिली.

"ग्वोझ्देन," स्तामेना म्हणाली.

"बरं, बरं. नायदेन. दुसरं काय ठेवणार?"

मग स्तामेनाने त्याच्या दोन्ही गालांवर मुके घेतले आणि रडायला लागली. रुमेना रडली. ग्वोझ्देन म्हणाला, धुराने डोळे चुरचुरतायत, आणि चूल तर पेटलेलीच नव्हती. वितोमिरला एकेचाळीस दिवसांत जे रडू आलं नव्हतं ते आलं, आणि त्याने ते कोणाला मोजू दिलं नाही.

साडेसातला फाटकातून रादेन्को आत आला. सात घरांचं प्रेम पोटात होतं आणि हातात रिकामी टोपली. "मित्रांनो," तो डोळे मिचकावत म्हणाला, "मूल काही सापडलं नाही. पण टोपली सापडली."

"हा कोण?" स्तामेनाने विचारलं.

"ऑफिसातला," वितोमिर घाईने म्हणाला. "टोपल्यांची फार आवड आहे त्याला."

एव्हाना चूल पेटली होती; त्याला बसवून पनीर भरलेली, पापुद्र्यांची गरम गिबानित्सा वाढली. ग्वोझ्देन मुख्य खुर्चीत बसला, कारण कूम तिथेच बसतो. झाडाचा प्रश्न आपोआपच मिटला. कूमशी हद्दीवरून भांडता येत नाही, म्हणून झाड नायदेनचं ठरलं, आणि तो दारू गाळायच्या वयाचा होईपर्यंत ते काम ग्वोझ्देनने स्वतःकडे घेतलं.

सगळे निवांत झाल्यावर स्तामेनाने मुलाला बाजूला घेतलं. "विता, तू बघत होतास ना? खरं सांग. पहिला तोच आला ना? त्याच्याआधी कोणी नाही?"

वितोमिरने तोंड उघडलं. सहा पंचवीस, वरची वाट, गळ्यात पट्टी. आकडे जिभेवर होते. एकदा असंच अचूक उत्तर दिल्याने अकरा वर्षं फळं सडली होती.

"हो आई," तो म्हणाला. "साधारण तोच."

पुढे नायदेन चालायला लागला, पळायला लागला, शेजारच्या अंगणातून त्याला ओढून आणावं लागू लागलं. दर वर्षी, मूल सापडलं त्या दिवशी, कूमच्या घरी भेट न्यायची असते. वितोमिर बाटली न्यायचा, पाव न्यायचा, आणि अडलेल्या माणसाने कोणाचे पाय धरावेत याची आठवण ठेवून खिशात एक सफरचंद न्यायचा. ते तो गोठ्यापाशी, कोणी बघत नाही असं पाहून द्यायचा.

तिसऱ्या वर्षी मागून ग्वोझ्देनचा आवाज आला.

"एकच आणलंस? दोन तरी आणायचीस, वितोमिर. थोरला कूम आहे तो."