एव्हेलियोंची अस्सल तबकडी

"अख्ख्या पॅराग्वेत अस्सल प्रत एकच, आणि ती माझ्या कपाटात!" डॉन एव्हेलियोंनी छाती फुगवली. छातीमागोमाग पोटही फुगलं.

प्रत होती 'सात बेटांचा कप्तान' या पंचवीस वर्षांपूर्वीच्या कम्प्युटर गेमची. कंपनीने त्या गेमची नवी, चकचकीत आवृत्ती काढली आणि जुनी विक्रीतूनच उडवली. नव्यात कप्तानाची ढेरी गायब! एव्हेलियोंना तो स्वतःचाच अपमान वाटला. जुने गेम जपणाऱ्या संग्रहालयाच्या रुपेर्ताबाई आज चार वाजता जुन्या तबकडीची नक्कल उतरवून घ्यायला येणार होत्या.

पावणेचारला डबी उघडली. रिकामी!

"देओलिंदा! तबकडी कुठाय?"

"ती होय? निमियोला दिली, टॅक्सीच्या आरशाला टांगायला. चकाकीने म्हणे पोलिसांचा वेग मोजणारा कॅमेरा आंधळा होतो."

"अगं, तुझ्या भावाला नवी द्यायची!"

"नवीवर केवढं सुरेख छापलंय! जुनीवर नुसतं पेनाने खरडलेलं."

एव्हेलियोंनी फोन लावला. "निमियो, तसाच घरी ये. पण हळू चालव!"

"दाजी, हळू चालवायचं तर टांगली कशाला?"

एव्हेलियो दारात येरझारा घालू लागले. आधी रुपेर्ताबाई आल्या, मग धूळ उडवत टॅक्सी आली. तबकडी काचेवर टण्टण् आपटत होती. प्रत्येक टण् एव्हेलियोंच्या बरगडीत!

रुपेर्ताबाईंनी ती हळुवार पुसून यंत्रात सरकवली. यंत्र दमेकऱ्यासारखं घरघरलं. पडद्यावर अक्षरं उमटली : 'ही प्रत फुल्हेन्सिओने कंपनीचं कुलूप फोडून बनवली. बाजारात गाळा बावीस. आईला नमस्कार!'

"डॉन एव्हेलियो," रुपेर्ताबाई हलकेच म्हणाल्या, "ही तर चोरटी."

"अहो, विकणाऱ्याने आईची शपथ घेऊन 'अस्सल' म्हणून दिली होती!"

"आई आहे की तिथे," देओलिंदा पडद्याकडे बोट दाखवत म्हणाली.

एव्हेलियो मटकन खाली बसले. तेवढ्यात ढेरी सावरत कप्तान अवतरला आणि त्याने इथल्या मातीतल्या शुद्ध ग्वारानी भाषेत अशी काही शिवी हासडली, की देओलिंदाने खिडकी लावून घेतली. फुल्हेन्सिओने सगळे संवाद स्वतःच्या आवाजात भरले होते!

रुपेर्ताबाई ताडकन उठल्या. "कंपनीची जुनी प्रत आज ना उद्या कुठेही मिळेल. पण ग्वारानीत शिव्या देणारा कप्तान जगात कुठेच नाही!" त्यांनी नक्कल उतरवली आणि वर चिठ्ठी चिकटवली : 'अस्सल चोरटी प्रत'.

खुशीत येऊन एव्हेलियोंनी नवी आवृत्ती निमियोला आरशाला टांगायला बहाल केली.

दुसऱ्याच दिवशी, नेहमीच्याच वळणावर, कॅमेऱ्याने निमियोला पकडलं. तो दंडाची पावती नाचवत आला, तर एव्हेलियोंचा चेहरा आनंदाने फुललेला.

"सांगत होतो ना? नव्या आवृत्तीत तो दम नाही!"