बॉलची खोळ

रसूल मास्तरांकडे विजार शिवायला टाकायची म्हणजे आधी लाथ मारावी लागे.

कंबर, लांबी, घेर ही मापं ते इतर शिंप्यांसारखीच घेत. मग टेप गळ्यात टाकून मागे सरत आणि म्हणत, "हं, मारा लाथ."

गिऱ्हाईक नवं असलं तर बावचळे. "कोणाले?"

"कोणाले नाही. हवेत मारा. जोरानं."

लाथ कुठवर जाते ते पाहून मास्तर दोन पायांमधल्या जोडाचं कापड ठरवत. त्यांची विजार घालून माणूस कुंपणावरून उडी मारू शके. नुसता उभा राहिला की मात्र दोन पोती शेजारी शेजारी ठेवल्यासारखा दिसे.

मंगरूळच्या एका वकिलांनी भरबाजारात लाथ मारायला साफ नकार दिला. "मी कोर्टात उभा राहतो मास्तर, लाथा मारत नाही."

"तरीच केस हारता," मास्तर म्हणाले.

त्यावर वकिलांनी रागानं जी लाथ मारली, तिच्यासरशी पायातला पंपशू सुटला आणि समोरच्या हलवायाच्या कढईत पडला. जिलेबीचा अख्खा घाणा गेला. हलवाई झारा घेऊन धावून आला. मास्तर खूश. "पाहा वकीलसाहेब, पाय हाये तुमाले! विजारीनं दाबून ठेवला होता."

कारंज्यात माझं कापडाचं दुकान होतं आणि मास्तरांचं मशीन माझ्याच ओट्यावर, त्यामुळे तक्रारी माझ्याकडे येत. लढाईच्या दिवसांत कापडावर कंट्रोल आलं, तेव्हा मी त्यांना स्पष्ट सांगितलं की आता घेर कमी करा. मशीन न थांबवता ते म्हणाले, "शेटजी, कंट्रोल कपड्यावर हाये, पायावर नाही."

कपडे वेळेवर न्यायला न येणाऱ्याला ते "सीटी वाजली, उद्या या" म्हणून परत पाठवत. बाजारातल्या प्रत्येकाला त्यांनी फुटबॉलच्या टीममधली एकेक जागा दिलेली होती. हलवाई गोलकीपर, कारण तो गल्ला सोडून हलत नसे. मी हाफबॅक. हा मान का, असं मी एकदा विचारलं. "तुमी पुढंबी पाह्यता, मागंबी पाह्यता, अन जात कुठंच नाही." सेंटर फॉरवर्डची जागा मात्र त्यांनी कुणालाच दिली नाही. एका फौजदारानं ती हौसेनं मागितली होती. "ते जागा भरेल हाये," एवढंच ते म्हणाले आणि सुईत दोरा ओवू लागले.

शिंपी होण्याआधी ते गावातल्या शाळेत पोरांना फुटबॉल शिकवत. पोरं लाथ झकास मारत, पण बॉल डोक्याच्या उंचीवर आला की पटापट खाली बसत. बॉल कातड्याचा. कातडं कपाळाला लागल्याचं घरी कळलं की कित्येकांना न्हाल्याशिवाय आत घेत नसत, आणि थंडीत विहिरीवर उघडं उभं राहण्यापेक्षा हरलेलं बरं, असा पोरांचा हिशेब.

मास्तर कपाळावर हात मारून घेत. "बॉल वर आला का सारी टीम नमाजाले बसते! मी येकटा मुसलमान, अन मीच उभा!"

शेवटी त्यांनी घरातली जुनी चादर फाडली, बायकोकडून सुई कशी धरायची ते शिकून घेतलं आणि बॉलला खोळ शिवली. आता डोक्याला लागेल ते कापड. गावानं खूप हसून घेतलं. "मास्तरनं बॉलले झबलं घातलं" म्हणून लोक मैदानावर बघायला येत. प्रत्येक खेळात खोळ फाटे, प्रत्येक खेळानंतर मास्तर ती शिवत, आणि शिवता शिवता हात बसत गेला.

ही सगळी खटपट खरी म्हणजे गोपाळसाठी होती. गोपाळ हा गावात भिक्षुकी करणाऱ्या जोशीबुवांचा मुलगा. उंच, अबोल, आणि बॉल डोक्यानं असा वळवी की गोलकीपर भलतीकडेच झेप घेई. बुवांनी त्याला एका अटीवर खेळू दिलं होतं: खोळ असेल तोवर खेळ, उघडं कातडं डोक्याला लागता कामा नये. मास्तरांनी तसा शब्द दिला होता.

मग टीम अकोल्याला सामन्यासाठी गेली. मी कापडाच्या खरेदीला तिथंच होतो, म्हणून मैदानावर गेलो. रेफरीनं बॉलकडे पाहिलं, हसला, आणि खोळ काढायला लावली. नियमात बसत नव्हती. मास्तरांनी गोपाळला बाजूला घेऊन सांगितलं, "पायानंच खेळ बाबा."

तो पायानंच खेळला. सामना संपत आला, दोन्ही बाजू बरोबरीत, आणि उजवीकडून एक बॉल वरून आला, नेमका गोपाळच्या कपाळाच्या उंचीवर. तो क्षणभर थांबला. तेवढ्यात मास्तर ओरडले, "डोकं लाव, गोपाळ!" मी मैदानाच्या पार दुसऱ्या टोकाला होतो, तिथं मला ते स्वच्छ ऐकू आलं.

गोपाळनं डोकं लावलं. गोल झाला. पोरांनी मास्तरांना खांद्यावर घेतलं, पण मी पाहिलं, वर बसलेल्या त्या माणसाचा चेहरा उतरला होता.

बातमी टीमच्या आधी घरी पोचली. बुवा भांडले नाहीत. त्यांनी गोपाळला शाळेतून काढलं आणि वेद शिकायला दूर मामाकडे पाठवून दिलं. मास्तर त्यांच्या दारापुढं रस्त्यावर उन्हात उभे राहिले. दार उघडलं नाही. मग शाळेत जाऊन त्यांनी शिटी हेडमास्तरांच्या टेबलावर ठेवली आणि मशीन घेऊन माझ्या ओट्यावर आले.

पुढं वर्षानुवर्षं, बाहेरगावचं गिऱ्हाईक आलं की माप घेताना ते हळूच विचारत, "तिकडं गोपाळ जोशी नावाचा कोनी हाये काय? उंच हाये. बोलत नाही जास्त." नाही म्हटलं की टेप पुन्हा कंबरेला लावत. एकदा मीच म्हटलं, "भेटून करायचं काय मास्तर आता?"

"येकच गोष्ट इचाराची हाये," ते म्हणाले. "तो माह्या आवाजानं फसला, का त्याच्या मनानं खेळला."

माझ्या पुतण्याचं लग्न धनजला ठरलं. मुलीकडची माणसं व्यवस्थेचं बोलायला आली, तेव्हा भटजी कोण म्हणून मी विचारलं. गोपाळ जोशी, नुकतेच धनजला राहायला आलेत, असं कळलं. ओट्यावरचं मशीन थांबलं. मास्तर म्हणाले, "शेटजी, नवरदेवाचे कपडे माह्याकडून. पैशाचं बोलू नका. फक्त गाडीत जागा ठेवा."

धनजला ते मांडवाबाहेर, बैलगाड्यांपाशी बसून राहिले. आत गोपाळ मंगलाष्टकं म्हणत होता. पोट सुटलेलं, आवाज खणखणीत. लग्न लागलं, पंगत बसली, तरी मास्तर जागचे हलले नाहीत. शेवटी मीच गोपाळच्या कानात सांगितलं. तो ताटावर बसायचा राहिला आणि तसाच बाहेर आला.

"मास्तर! इथं काहून बसले? आत नाही आले?"

मास्तर उठले. इतकी वर्षं घोकलेला प्रश्न, पण तो नीट येईना. "गोपाळ, त्या दिशी... अकोल्याले... म्या वरडलो म्हनून लावलं काय रे तू डोकं?"

गोपाळनं त्यांच्याकडे पाहिलं, मग माझ्याकडे, मग परत त्यांच्याकडे. "तुमी वरडले होते? कधी?"

"बॉल आला तवा."

"नाही बा. मले तं काहीच ऐकू नाही आलं. बॉल आला, म्या मारला. माह्या मनानं."

मास्तरांनी त्याच्या कपाळाकडे निरखून पाहिलं. मग विचारलं, "दुखलं होतं?"

"थोडंसं. पन गोल झाला ना, मास्तर!" असं म्हणून भटजीबुवा हसले आणि भर रस्त्यात, लोक पाहत असताना, त्यांच्यापुढं वाकले. मास्तरांचा हात त्याच्या डोक्यावर टेकला आणि तिथंच राहिला.

परतीच्या गाडीत मांडव दिसेनासा होईपर्यंत मास्तर मागंच पाहत होते. शेवटी एकदम मांडीवर थाप मारून म्हणाले, "भटजी होऊन खोटं बोलते पोट्टं! सारं मैदान आयकत होतं."

कारंजं येईपर्यंत त्यांनी हे मला पुन्हा पुन्हा ऐकवलं, आणि दर वेळी ते आधीपेक्षा खुशीत होते.