दुधाची खूण

लेकीची ट्रंक दाराशी येऊन पडली, तेव्हा बायको आत आहे असं बघून शिंपी स्टुलावर चढला. दाराच्या चौकटीत त्याने हवेतच बोट फिरवलं आणि काही झालंच नाही अशा चेहऱ्याने खाली उतरून कुणाच्या तरी कोटाचं बटण लावायला घेतलं.

त्या मुलखात खुणा अशाच काढत, हवेत, बोटाने. खुणेला रंग नाही, वजन नाही, सावलीही नाही. हात फिरवला तर हाताला काही लागत नाही. पण नीट काढलेली खूण आपलं काम चोख करते. पूल खचू नयेत, बंदराचे धक्के वाहून जाऊ नयेत यासाठी मोठ्या खुणा असतात आणि त्या काढायला शिकलेली माणसं लागतात. शिंप्याची एकुलती एक लेक तसं शिकली होती. पलीकडच्या किनाऱ्यावरच्या शहरात तिला पुलांवर नोकरी लागली होती. दुपारच्या बोटीने ती निघणार होती आणि ही बोट चुकली तर जागा दुसऱ्याला जाणार होती.

शिंप्याला मात्र एकच खूण येत होती. दूध उतू जाऊ नये म्हणून पातेल्यावर काढतात ती. ती काय, घरोघरी सगळ्यांनाच येते. तीच त्याने दारात काढली, जरा ऐसपैस. आठवडाभर ‘थांब’ हा शब्द त्याच्या ओठांपर्यंत येत होता आणि दर वेळी तो भलतंच काहीतरी बोलून मोकळा होत होता. “छत्री घेतलीस ना?” हे तर त्याने इतक्यांदा विचारलं होतं, की लेकीने वैतागून दोन छत्र्या बांधल्या होत्या.

टांगेवाला ट्रंक न्यायला आत आला. ट्रंक उचलून उंबरठ्यापर्यंत गेला, तिथे घुटमळला, आणि ट्रंक खाली ठेवून तिच्यावरच बसला.

“पाणी मिळेल का जरा?” तो म्हणाला.

पाणी पिऊन तो उठला, दारापर्यंत गेला आणि परत येऊन बसला. शेजारीणबाई निरोप द्यायला आल्या होत्या. “येते हं, चूल पेटती ठेवून आलेय,” असं म्हणत त्या दारापर्यंत गेल्या, आणि तिथूनच मागे वळून त्यांनी आपल्या सुनेची गोष्ट सुरू केली. ती संपली तेव्हा पुन्हा चुलीची आठवण होऊन उठल्या, आणि दाराशी पोचताच त्यांना धाकट्या सुनेची गोष्ट आठवली. शिंप्याचे मेहुणे सकाळपासून येऊन बसले होते. त्यांना खूण लागली की नाही हे कळायला मार्ग नव्हता, कारण ते एरवीही उठत नसत.

“अहो, आज झालंय काय सगळ्यांना?” बायको शिंप्याच्या कानाशी पुटपुटली. “कुणी हलायलाच तयार नाही. घरातले कपही संपले.”

“असेल हवा तशी,” शिंपी म्हणाला. बटण त्याने उलट्या बाजूने लावलं होतं.

बाहेर टांग्याचा घोडा उन्हात पाय आपटत होता. शेजारीणबाईंच्या खिडकीतून धूर येऊ लागला. तो त्यांना इथून दिसत होता आणि त्यांचा चेहरा रडवेला झाला होता, पण तोंडातली सून काही संपत नव्हती. शेवटी बायकोने खिडकीतूनच रस्त्यावरच्या कुणाला तरी हाक मारून ती चूल विझवायला पाठवलं.

एवढं होऊनही शिंप्याला मनातून बरंच वाटत होतं. मग लेक उठली. पायात चपला घातल्या, आईच्या पाया पडली, पिशवी खांद्याला लावली आणि दारापर्यंत गेली. तिथे उभी राहिली. परत आली. पुन्हा गेली, पुन्हा परत आली. तिसऱ्यांदा परतली तेव्हा बापाच्या मशीनशेजारी जमिनीवरच बसली.

“बाबा, माझे पायच निघत नाहीत,” ती हळू आवाजात म्हणाली. “मला वाटलं होतं मी धीट आहे. मला नाही जमणार बहुतेक.”

शिंप्याच्या हातातली सुई थांबली. लहानपणी ही पोर अंधाऱ्या जिन्यावरून एकटी खाली जायची आणि घाबरून दिवा घेऊन तिच्यामागे यायचा तो शिंपीच.

तो स्टूल ओढून दाराशी गेला आणि चौकटीत हात फिरवू लागला.

“जळमटं आता कसली काढताय?” बायको म्हणाली.

“जळमटं नाहीत.” त्याने मागे वळून पाहिलं नाही. “खूण आहे. दुधाची. मीच काढली सकाळी. आता कुठे काढली तेच सापडत नाही.”

शेजारीणबाईंची सूनही अर्ध्यावरच राहिली. लेक उठली, दाराशी आली, डोळे मिटून तिने हवेत तळहात धरला आणि बापाचं मनगट पकडून वर, जरा डावीकडे नेलं.

“इथे आहे. ज्याने काढली त्यानेच पुसायची असते. उलटीकडून सुरू करा.”

तिचा आवाज कामावरच्या माणसासारखा होता. राग असता तर शिंप्याला सोपं गेलं असतं. त्याने बोटाने खूण उलटी गिरवली. शेवटची रेघ सुटली आणि टांगेवाला ट्रंकेसकट बाहेर पडला. त्याच्या मागोमाग शेजारीणबाई एका दमात रस्ता ओलांडून गेल्या.

लेक टांग्यात बसली. शिंपी चाकाशी उभा राहिला.

“तोंडाने म्हणायचं ना, बाबा.”

“म्हटलं असतं तर थांबली असतीस?”

तिने थोडा विचार केला. “नाही. पण मला ऐकायला आवडलं असतं.”

टांगेवाल्याने लगाम हलवला. टांगा गल्लीच्या वळणाशी पोचला, तेव्हा कुठे शिंप्याच्या तोंडातून तो शब्द सुटला.

“थांब.”

टांगेवाल्याने घोडा जागच्या जागी उभा केला आणि मागे वळून विचारलं, “काय राहिलं, मालक?”

लेकही वळून बघत होती.

“काही नाही,” शिंपी म्हणाला. “जा.”