मुन्शीकाकांची फरांसिसी पोथी

आमच्या शेजारचे मुन्शीकाका रोज दिवेलागणीला आंघोळ करून, धुतलेलं धोतर नेसून सोप्यात चौरंग मांडायचे. त्यावर एक जाडजूड फ्रेंच कादंबरी ठेवायचे, तिला फूल वाहायचे आणि डोळे मिटून मोठ्यानं म्हणायचे, "मेदाम, मेसिये!" याचा अर्थ 'बायाबापड्यांनो' एवढाच, पण समोर बसलेलं अर्धं तेर गाव भक्तिभावानं हात जोडायचं.

मी लग्न होऊन तेरला आले तेव्हा निजामाचं राज्य होतं. घरात पाऊल टाकून चार दिवस झाले नाहीत तोच सासूबाई म्हणाल्या, "पोरी, भाकऱ्या लवकर उरक. पोथीला जायचंय." मला वाटलं रामाची असेल, कृष्णाची असेल. जाऊन बसले तर पोथीतली बाई खिडकीत दिवा ठेवून समुद्राकडे बघत होती आणि तिचं नाव होतं लुसी. मी तोंडाला पदर लावला. सासूबाईंनी मला असा चिमटा काढला की हसू जागच्या जागी विरलं.

काका मूळचे तेरचेच, पण उमेदीची वर्षं हैदराबादेत एका फरांसिसी इंजिनेराकडे मुन्शी होते. साहेबाची भाषा तिथंच शिकले. साहेब मायदेशी जाताना पुस्तकांचा पेटारा यांच्याकडे ठेवून गेला आणि काका तो पेटारा घेऊन गावी परतले, एकटेच. बायको तिकडेच वारली, एवढंच गावाला माहीत होतं. त्याबद्दल ते बोलत नसत आणि कुणी विचारतही नसे.

त्या वर्षांत चार माणसं जमवून काही वाचायचं म्हटलं तर परवानगी लागायची. पोथीला मात्र मनाई नव्हती. म्हणून काकांनी कादंबरीची पोथी केली. एकदा पोथी म्हटल्यावर सगळे नेम आलेच. पुस्तकाची बांधणी कातड्याची, ते चौरंगावर कसं चालेल? सासूबाईंनी खणाचं वेष्टण शिवून दिलं. वाचायचं तेही रीतीनं, आधी मूळ आणि मग अर्थ. एकदा काका घसा बसला म्हणून नुसताच अर्थ सांगू लागले, तर सासूबाई उसळल्या, "भावजी, मूळ ऐकल्याबिगर पुण्य कसं लागंल?" बिचाऱ्यांनी काढा पिऊन फ्रेंच वाचलं.

एकदा पोलीस जमादार चौकशीला आले. "ये कौनसी पोथी है, मुन्शीजी?"

"लुसीबाईची. फरांसिसी मुलखातली."

"देवी है क्या?"

"सबूर!" काका म्हणाले. सबूर हा त्यांचा हुकमी शब्द. "एक अध्याय ऐका, मग तुम्हीच ठरवा."

जमादार काठी भिंतीला टेकवून बसले ते बसलेच. दुसऱ्या दिवसापासून 'तपासणी चालू है' असं सांगत सगळ्यांच्या आधी येऊन पुढची जागा धरायचे. लुसीला छळणारा शेजारचा वाणी कथेत आला की ते मिशीवर हात फिरवत गुरगुरायचे, "हमारी हद में होता तो अंदर करता उसको."

कथा साधी होती. लुसीचा नवरा गलबतावर गेलेला. ती पाव भाजून पोट भरते, रोज खिडकीत दिवा लावते, वाट बघते. आम्ही कुणी समुद्र पाहिलेला नव्हता. काका सांगायचे, "तेरणेला पूर आलाय आणि पलीकडचा काठ दिसायचाच बंद झालाय असं धरा." आम्ही धरायचो.

पण खरी गंमत अर्थ संपल्यावर यायची. पेटाऱ्यात या कादंबरीवरच्या टीकेचाही एक ग्रंथ होता. काका चष्मा पुसून तो उघडायचे आणि पॅरिसच्या टीकाकाराचं म्हणणं अदबीनं आमच्यापुढे ठेवायचे. "टीकाकार म्हणतात, लुसीच्या भांड्याकुंड्यांचं वर्णन चार पानं चाललंय. त्याची काही गरज नव्हती."

"त्येच्या घरी भांडी कोण घासतंय?" सासूबाई विचारायच्या. "मग त्येला काय कळतंय! एकल्या बाईला भांड्यांचीच सोबत असती."

काका क्षणभर विचार करून मान डोलवायचे. "मुद्दा वजनदार आहे."

असा तो टीकाकार काकांच्या सोप्यात रोज हरायचा. मला तर त्याची दयाच यायला लागली होती. एवढा शिकलेला माणूस, पण सासूबाईंपुढे त्याचं काही चालेना. काकांचा चेहरा मात्र अशा वेळी असा उजळायचा की जणू वाद तेच जिंकलेत.

एकच खोट होती. शेवटचा अध्याय काका वाचत नसत. लुसी खोकल्यानं अंथरुणाला खिळली, नवऱ्याचं गलबत परत निघालं, इथवर आलं की काकांना ताप यायचा, चष्मा हरवायचा, नाहीतर काही काम निघायचं. मग चार दिवसांनी पुन्हा पहिल्या अध्यायापासून "मेदाम, मेसिये!" मी आल्यापासून असं दोन-तीनदा झालं. सासूबाई धुसफुसायच्या, "पोथी अर्धी सोडू न्हाय. घराला दोष लागतो."

अखेर जमादार नडले. "मुन्शीजी, मेरी बदली हो गई उमरगे को. उस बाई का मरद आता कि नै आता, ये सुने बगैर मैं जाता नै."

आता ताप येऊन भागणार नव्हतं. समाप्ती ठरली. सासूबाईंनी प्रसादाला शिरा केला, नारळ आणला, सोपा शेणानं सारवला. काकांनी चौरंगापुढे बसून मूळ वाचायला घेतलं. नेहमी खणखणीत वाचणारा माणूस, त्या दिवशी आवाज शब्दागणिक खाली जात होता. मूळ संपलं तरी अर्थ येईना.

"भावजी, अर्थ?"

"पोचला तो," काका म्हणाले. "आदल्या दिवशी ती गेली होती."

जमादारांनी हात उचलून दुआ मागितली. मी शिऱ्याचं ताट पुढं केलं तर सासूबाईंनी माझा हात धरला. "मयत झाल्यावर कसला परसाद?" एकेक जण उठलं आणि चपला हातात घेऊन गेलं. सासूबाईंनी घरी येऊन डोक्यावरून पाणी घेतलं. मला हसू यायला हवं होतं, पण मीही घागर उचलली.

सकाळी त्यांनी भाकरी-पिठलं केलं, फडक्यात बांधलं आणि मला घेऊन शेजारी गेल्या. काका चूल पेटवत होते.

"विझवा ती," सासूबाई म्हणाल्या. "मयताच्या घरी चूल पेटवत न्हाईत. शेजाऱ्यानं आणलेलं खायचं."

"वहिनी, ती कागदावरची बाई."

"असंल. पर तुमच्या सोप्यात लई दिवस राहिली न्हवं? तुमच्याच घरात गेली. बसा, जेवा."

काका हसले, बसले, एक घास घेतला. मग भाकरीकडे बघतच बोलू लागले, "टीकाकार लिहितात, नवरा नेमका एक दिवस उशिरा पोचतो हे पटत नाही. लेखकानं ओढूनताणून आणलंय म्हणतात." त्यांनी भाकरीचा तुकडा मोडला. "मी साहेबाबरोबर तलावाच्या मोजणीला गेलो होतो, वहिनी. हिच्या दुखण्याचा निरोप मिळाला तसा निघालो. शेजाऱ्यांनी आदल्या दिवशीच सगळं उरकलं होतं. परका मुलूख, कुणाची ओळख नाही. मी खोलीत गेलो आणि माझी चूल मीच पेटवली."

मी पदरानं डोळे पुसले. सासूबाईंनी आणखी एक भाकरी ताटात वाढली आणि वर पिठलं घातलं.

"त्या टीकाकाराला काय कळतंय," त्या म्हणाल्या. "खावा."

काकांनी डोळे पुसले, मान डोलावली. "मुद्दा वजनदार आहे," म्हणाले आणि ती सगळी भाकरी खाल्ली.

निघताना सासूबाई उंबऱ्यात थांबल्या. "आता पेटाऱ्यातली दुसरी पोथी काढा. अन् तिच्यात कुणी मरणार आसंल तर आदल्या दिशी सांगा, भावजी. पीठ दळून ठिवावं लागतंय."