फिरंगाणच्या वाकड्या मंदिराची मोहीम

श्री दगडमाती प्रसन्न. शके एकोणीसशे एकेचाळीस, माघमासी, विद्यापीठ नामे राज्यात वर्तमान ऐसे जाहले जे, विदुषी कमळजाबाई रिसबूड यांनी फिरंगाणातील आठशे वर्षांच्या एका ख्रिस्ती महामंदिरावर बारा वर्षे मोहीम केली, आणि फीत लावून खांब न् खांब मोजिला, आणि मंदिर वेदीपाशी डावीकडे वाकडे निघाले. मग बाईंनी सिद्धान्त बांधिला की, प्रभूने क्रुसावर मान कलती केली, तिचेच हे चिन्ह. सिद्धान्त दरबारी मान्य होताच महापंडित पदवी द्यावी, ऐसे ठरले होते. दरबार दुपारी भरणार, आणि सकाळी बाई दालनात नकाशा टांगीत होत्या, तो जिन्याची फरशी बसवावयास आलेला पाथरवट रायाप्पा हात पुसत उभा राहिला, आणि नकाशाच्या मधोमध बोट ठेवून वदला, "बाईसाहेब, भिंत सरळ धरायची दोरी चुकली की हो हितं!" बाई कडाडल्या, "चुकली नाही. भक्ती आहे ती." "असंल. पर जुनं देऊळ मधी ठेवून मागनं नवं बांधाय घेतलं, तर भिंतीआरपार दोरी जायाची कशी? आमच्या गावातबी असंच झालं." "मग?" "मग पुजारी म्हणाला, देव कलंडून बघतोय." "आणि गवंडी?" "गवंडी कशाला बोलतोय?"

तेव्हा बाईंनी नकाशा न्याहाळिला, तो मधोमध जुन्या मंदिराच्या भिंतीचा पाया, त्यांनीच ठिपक्यांनी काढिलेला, आणि बाजूस त्यांच्याच अक्षरात शेरा: 'किरकोळ'. बारा वर्षे! रायाप्पास गप्प करावे, तर तो आपण होऊनच फरशी बसवावयास वळला होता, हे अधिक वाईट. मग बाई म्हणाल्या

(येथे दोन ओळी कसरीने खाल्ल्या. त्या लिहिण्याजोग्या नव्हत्या, ऐसी बोलवा आहे.)

आणि मग दरबार भरला, आणि कुलगुरुस्वामी आसनी विराजले, आणि बाईंनी हात जोडून अर्ज केला, "ही गवंड्याची चूक आहे." एकच हलकल्लोळ जाहला. बुजुर्ग पंडित गर्जले, "आठशे वर्षांत एकाही विद्वानास दिसली नाही?" बाई म्हणाल्या, "विद्वानांनी दोरी कुठे धरली होती?" मग स्वामी कनवाळूपणे वदले, "बाई, 'चूक' खोडा, 'रहस्य' लिहा, आणि पदवी आत्ताच घेऊन जा." बाईंनी पदवीच्या शालीकडे पाहिले, आणि शाल खरोखर सुरेख होती, आणि त्या म्हणाल्या, "चूकच."

एकूण हकिकत ऐसी की, पदवी गेली, ग्रंथ निघाला, आणि त्यावर बाईंच्या शेजारी रायाप्पाचे नाव पडले. त्याने तो उघडून नकाशा उभा-आडवा पाहिला आणि म्हणाला, "आता कसं, बरोबर वाकडं दिसतंय."